आडनावातले गाव

रामाकोन्यात हजेरी घेताना उमरेडकर या आडनावापाशी कोणी थबकत नाही. डिसोझा म्हणताच मात्र मुले वळून पाहतात. वस्तुतः दोन्हींची घडण एकच. सोझा ही पोर्तुगालमधील नदी. तिच्या काठचा तो डिसोझा. फर्नांडिस म्हणजे फर्नांडोचा पुत्र. १५३४ साली वसई पोर्तुगीजांकडे गेली आणि पुढे बाप्तिस्म्याबरोबर अशी आडनावे तेथील घरांत शिरली. १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई जिंकली. आडनावे तेवढी राहिली, आणि घरातली मराठीही. याउलट १८९५ मध्ये ख्रिस्ती झालेले नारायण वामन टिळक अखेरपर्यंत टिळकच होते. मला ते अधिक रुचते. माझ्या हजेरीपटावरील डिसोझाला मात्र मी तसे सांगणार नाही.