ग्रहणाचीं दोन मिनिटें आणि भिंगाची निवड

आकाशांतील ज्योतींचें छायाचित्र घ्यावयाचें तर कोणता कॅमेरा आणि कोणतें भिंग पसंत करावें, असा प्रश्न आज पुष्कळ जिज्ञासूंपुढें उभा राहतो. छत्रपति संभाजीनगराजवळचें, अजिंठ्याच्या वाटेवरचें हर्सूल घ्या किंवा दुसरें कोणतेंहि गांव घ्या. जेथें कॅमेरा पोहोंचला तेथें हा प्रश्नहि पोहोंचला आहे. भिंग जितकें मोठें आणि महाग तितकें तें उत्तम, अशी सामान्य समजूत असते. या समजुतीची परीक्षा महाराष्ट्राच्याच भूमीवर, १८९८ सालीं, अवघ्या दोन मिनिटांत झाली होती. तो इतिहास ठाऊक असला म्हणजे आजच्या निवडीचें काम पुष्कळ सोपें होतें.

२२ जानेवारी १८९८ रोजीं भर दुपारीं सूर्याचें खग्रास ग्रहण झालें. चंद्राच्या छायेचा अरुंद पट्टा कोंकणच्या किनाऱ्यावर विजयदुर्गाजवळ चढला, सोलापूर जिल्ह्यांतील जेऊरावरून गेला, वऱ्हाडांत तळणीस पोहोंचला आणि पुढें ईशान्येस गंगेच्या खोऱ्याकडे निघून गेला. हर्सूल या पट्ट्याच्या बाहेर, वायव्येस राहिलें. तेथें सूर्य बराचसा झांकला गेला, पण पुरता नव्हे. त्या वर्षांत मुंबई इलाख्यांत प्लेगची साथ चालू होती. तरी इंग्लंड, अमेरिका आणि जपान येथील ज्योतिषी समुद्र ओलांडून आले. सूर्याभोंवतालचें प्रभामंडल पाहण्यास त्या काळीं खग्रास ग्रहणावांचून दुसरा उपाय नव्हता, आणि त्यासाठीं मिळणारा अवधि सुमारें दोन मिनिटांचा होता. महिनेच्या महिने आधीं जें यंत्र निवडून जहाजावर चढविलें, त्यावरच सारें यशापयश अवलंबून होतें. आयत्या वेळीं भिंग बदलण्यास अवसर नव्हता.

जेऊर येथें कॅलिफोर्नियांतील लिक वेधशाळेचे विल्यम वॉलेस कँबेल यांनीं चाळीस फूट केंद्रांतराचा कॅमेरा उभारला. दूरच्या वस्तूची प्रतिमा भिंगामागें जितक्या अंतरावर स्पष्ट उमटते, तें त्या भिंगाचें केंद्रांतर होय. सूर्याची अथवा चंद्राची प्रतिमा या अंतराच्या सुमारें एकशें आठाव्या भागाएवढी पडते. म्हणून चाळीस फुटांच्या कॅमेऱ्यांत सूर्यबिंब जवळजवळ साडेचार इंच व्यासाचें उतरतें. सूर्याच्या कडेशीं उसळणाऱ्या ज्वाला आणि त्यांना लागून असलेल्या प्रभेंतील बारीक तंतु स्पष्ट दिसावे व मोजतां यावे, हा एवढ्या लांबीचा हेतु होता.

परंतु लांबीबरोबर अडचणहि वाढते. दोन मिनिटांत सूर्य आकाशांत आपल्या बिंबाच्या रुंदीइतका पुढें सरकतो. म्हणजे त्या काचेवरची प्रतिमा सुमारें चार इंच सरकणार. चाळीस फुटांची नळी सूर्यामागें फिरविणें तर अशक्यप्राय. यावर लिक वेधशाळेच्याच शेबर्ले यांनीं काढलेली युक्ति १८९३ सालीं चिली देशांत यशस्वी झाली होती. भिंग उंचावर स्थिर ठेवावयाचें आणि खालीं छायाचित्राची काच प्रतिमेच्या वेगानें घड्याळयंत्राच्या साहाय्यानें सरकवावयाची. जेऊरासहि हीच योजना होती. आकाश निरभ्र राहिलें आणि प्रभामंडलाच्या आंतल्या भागाचीं उत्तम चित्रें मिळालीं.

आतां तळणीकडे वळूं. तेथें ब्रिटिश ॲस्ट्रॉनॉमिकल असोसिएशनच्या मंडळींत श्रीमती ॲनी माँडर होत्या. त्या ग्रीनविच वेधशाळेंत गणिताचें काम करीत असत. १८९५ सालीं विवाह झाल्यावर तत्कालीन नियमानुसार त्यांना ती नोकरी सोडावी लागली. त्यांच्यापाशीं जो कॅमेरा होता, त्याचें भिंग दीड इंच रुंद आणि केंद्रांतर केवळ नऊ इंच. त्यांत सूर्यबिंब एका इंचाच्या बाराव्या भागाएवढेंच पडणार. जेऊरच्या प्रचंड यंत्रापुढें हें खेळणेंच वाटावें. परंतु त्या लहानशा कॅमेऱ्यानें प्रभामंडलाचा एक किरण सूर्यापासून सुमारें साठ लक्ष मैलांपर्यंत गेलेला टिपला. तोंपर्यंत इतका लांब किरण कोणाच्याहि छायाचित्रांत आला नव्हता.

हें कसें घडलें, याचें उत्तर साध्या त्रैराशिकांत आहे. पसरलेल्या, अंधुक वस्तूची प्रतिमा किती उजळ पडेल हें केंद्रांतर आणि भिंगाची रुंदी यांच्या प्रमाणावर अवलंबून असतें. जेऊरचें भिंग पांच इंच रुंद आणि केंद्रांतर ४८० इंच, प्रमाण ९६. तळणीचें प्रमाण ६. हें दुसरें प्रमाण सोळापट लहान, म्हणून काचेच्या तेवढ्याच जागेवर पडणारा प्रकाश सोळाचा वर्ग, म्हणजे २५६ पट अधिक. जेऊरच्या कॅमेऱ्यानें प्रकाश मोठ्या जागेवर पसरला आणि बारकावे मिळविले. तळणीच्या कॅमेऱ्यानें तो लहानशा जागेंत गोळा केला आणि दूरवरची फिकट प्रभा मिळविली. एकास जें साधलें तें दुसऱ्यास साधण्यासारखें नव्हतें.

कांहींचा प्रश्न याहून निराळा होता. सूर्य कोणत्या द्रव्यांचा बनला आहे हें ज्यास जाणावयाचें, त्याला सुंदर चित्र नको, वर्णपट हवा. विजयदुर्गास सर नॉर्मन लॉकियर यांनीं भिंगापुढें लोलक बसविलेले कॅमेरे लावले. ‘मेल्पोमेनी’ या युद्धनौकेवरील खलाशी त्यांच्या मदतीस होते. जेऊरास कावसजी दादाभाई नायगामवाला हजर होते. हे पुण्याच्या सायन्स कॉलेजांतील अध्यापक आणि वर्णपटशास्त्राचे अभ्यासक. भावनगरच्या तख्तसिंहजी महाराजांच्या देणगीनें १८८८ सालीं पुण्यास जी वेधशाळा स्थापन झाली, तिचे ते चालक होते. या ग्रहणाचा त्यांचा अहवाल १९०२ सालीं मुंबईस छापला गेला. १९१२ सालीं ते निवृत्त झाले, वेधशाळा बंद झाली आणि तिची वीस इंची दुर्बीण कोडाईकनालास गेली. पुण्यांतील एक चांगली परंपरा त्यामुळें खंडित झाली.

हर्सूल ज्या हैदराबाद संस्थानांत १९४८ पर्यंत होतें, तेथेंहि आकाशाच्या छायाचित्रणाचें मोठें कार्य झालें. १८८७ सालीं पॅरिस येथें भरलेल्या परिषदेनें साऱ्या आकाशाचा छायाचित्रमय नकाशा करण्याचें ठरवून निरनिराळ्या वेधशाळांना पट्टे वांटून दिले. काचेवरचा एक मिलिमीटर म्हणजे आकाशांतील एक कला, असें माप यावें म्हणून सुमारें सव्वाअकरा फुटांचें केंद्रांतर पसंत करण्यांत आलें. चिलीच्या सांतियागो वेधशाळेकडचा दक्षिण क्रांति १७ ते २३ अंशांचा पट्टा पुढें हैदराबादच्या निजामिया वेधशाळेनें पत्करला आणि आठ इंची कुक कॅमेऱ्यानें पुरा केला. अनुराधा नक्षत्राचे दोन ठळक तारे याच पट्ट्यांत येतात. हर्सूलहून ते दक्षिणेस सुमारें पन्नास अंश उंचीवर दिसतात. येथें उजळपणा किंवा शोभा यांपेक्षां अचूक माप महत्त्वाचें होतें, आणि भिंगहि त्याच कसोटीनें ठरलें.

आज काचेची जागा विजेवर चालणाऱ्या संवेदकानें घेतली आहे. परंतु भिंगाचें गणित तेंच राहिलें आहे. ५० मिलिमीटर केंद्रांतरावर चंद्रबिंब अर्ध्या मिलिमीटरहून लहान पडतें, ५०० मिलिमीटरवर तें साडेचार मिलिमीटरचें होतें. म्हणून चंद्रावरचीं विवरें पाहावयाचीं असतील तर लांब भिंग घ्यावें. आकाशगंगेचा फिकट पट्टा हवा असेल तर आंखूड, रुंद तोंडाचें भिंग घ्यावें आणि शहराच्या दिव्यांपासून दूर जावें. हर्सूल आतां शहरास लागलें असल्यामुळें तेथील उजळ आकाशांत तो पट्टा धुवून निघतो. कॅमेरा तिपाईवर स्थिर असेल तर ५० मिलिमीटरच्या भिंगामागें ताऱ्याची प्रतिमा दहा सेकंदांत ०.०३६ मिलिमीटरपर्यंत सरकते, २०० मिलिमीटरच्या भिंगामागें त्याच्या चौपट. अशा वेळीं आकाशाबरोबर फिरणारी बैठक भिंगाहूनहि अधिक मोलाची ठरते. सूर्याकडे कॅमेरा रोखतांना भिंगापुढें सूर्यासाठींच केलेली गाळणी असलीच पाहिजे. ती केवळ खग्रास स्थितींतच दूर करावी.

२० मार्च २०३४ रोजीं खग्रास ग्रहणाची छाया काश्मीर आणि लडाख येथून जाईल. महाराष्ट्रांत तें खंडग्रास दिसेल. जो कोणी कॅमेरा घेऊन उत्तरेस जाईल, त्यानें सूर्याच्या कडेवरच्या ज्वाला हव्या कीं दूरवर गेलेले किरण हवे, हें घरून निघण्यापूर्वींच ठरवावें. भिंग विकत घेण्याची वेळ त्यानंतरची.