सावेदादांचा कॅमेरा

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्यूमिए बंधूंच्या चित्रफितींचे खेळ सुरू झाले आणि छायाचित्रणाचा व्यवसाय करणारे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा, यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवून १८९९मध्ये हँगिंग गार्डनमधील कुस्ती चित्रित केली. केंब्रिजच्या गणित परीक्षेत अव्वल, म्हणजे 'सीनियर रँग्लर', ठरलेले र. पु. परांजपे १९०१मध्ये मायदेशी परतले, तेव्हाचे स्वागतही त्यांनी टिपले; भारतीय वृत्तपटाचा, म्हणजे ताज्या घटनेच्या चलच्चित्राचा, आरंभ सहसा येथूनच मानला जातो. कॅमेरा एका जागी रोवलेला, फीत आखूड आणि प्रकाश केवळ सूर्याचा, त्यामुळे चौकट कोठे लावावी हाच त्या काळच्या छायालेखकाचा खरा निर्णय असे, आणि स्टुडिओत मुरलेल्या सावेदादांना तो अपरिचित नसावा.