तंबूतला पडदा आणि तांड्यावरची लेंगी

यात्रा आणि टुरिंग टॉकीज यांचे नाते आता जवळजवळ इतिहासजमा झाले आहे. आमच्या यवतमाळ जिल्ह्यात वणीची रंगनाथस्वामींची यात्रा किंवा आर्णीचा बाबा कंबलपोश यांचा उरूस म्हणजे माणसांचा पूर. अशा गर्दीच्या वाटेने तंबू, पडदा आणि रिळांचे डबे घेऊन मालमोटारी महाराष्ट्रभर फिरत. दोन हजार फुटांचे रीळ वीस-बावीस मिनिटांत संपे. यंत्र एकच असले, की रीळ बदलेपर्यंत तंबूत अंधार आणि शेकडो माणसांची कुजबुज! ती कुजबुज हाही खेळाचाच भाग होता, असे मला आजही वाटते.

दादासाहेब फाळक्यांना चित्रपटाची प्रेरणा ख्रिस्तचरित्रावरील मूकपटातून मिळाली, हे आपल्या वाचकांस ठाऊक असेलच. त्यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’पासून शंभर वर्षे चित्रपट फितीवरच जगला. २०१३ साली फुजीफिल्मने चित्रगृहांसाठीची फीत बनविणे थांबविले. चित्रपट संगणकाच्या तबकडीवरून, उपग्रहावरून येऊ लागले. जुनी यंत्रे भंगारात निघाली, नवी तंबूवाल्यांना परवडेनात. ही अखेर ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ या २०१६ च्या माहितीपटात टिपली गेली आहे. त्याच वर्षी जिओची सेवा सुरू झाली आणि पडदा प्रत्येकाच्या तळहातावर आला.

येथवरची कथा हानीचीच वाटेल. परंतु पुसद-दिग्रसकडील बंजारा तांड्यांकडे पाहिले, की मत थोडे बदलावे लागते. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाले तेव्हा राज्याचे मुख्यमंत्री वसंतराव नाईक होते. पुसदजवळच्या गहुलीचे, बंजारा समाजातले. तरीही त्यांच्या गोर बोलीला पडद्यावर हक्काचे घर मिळाले नाही. ते आज मोबाइलने दिले. होळीची लेंगी तांड्यावरची तरुण मुले स्वतःच चित्रित करतात, यूट्यूबवर ठेवतात; तेलंगण-कर्नाटकातले बंजारे ती ऐकतात. इतकी दशके जे केवळ प्रेक्षक होते, ते कर्ते झाले.

मात्र लेंगी फेर धरून, डफाच्या तालावर गायची. तिथे गाणारा वेगळा आणि ऐकणारा वेगळा नसतो. एका होळीला मी तांड्यावर गेलो होतो. चार-पाच मुले फेराबाहेर उभी राहून चित्रण करीत होती. एका आजीने त्यांतल्या एकाचा फोन काढून घेतला आणि त्याला दंडाला धरून आत ओढले.