काडेपेटीच्या कारखान्यापर्यंत पायी

आम्ही तिघी लंडनला जाऊन आलो हे एव्हाना सगळ्या गटांना कळलंय. गावच्या रेडिओंची बैठक होती, तिच्यासाठी गेलो होतो. परत आल्यापासून जी भेटते ती विचारते, राणीचा राजवाडा पाहिला का, ते मोठं घड्याळ पाहिलं का? घड्याळ बसमधून दिसलं. राजवाडा राहिला. पण एक अख्खी दुपार आम्ही त्या शहरात पायी हिंडलो, आणि आज त्याच हिंडण्याबद्दल बोलायचं आहे.

लंडनमध्ये इतिहास चालत चालत दाखवायची पद्धत आहे. ठरल्या वेळी ठरल्या जागी दहा-पंधरा जण जमतात, माहिती सांगणारी एक बाई किंवा बाप्या पुढे चालतो, कोपऱ्याकोपऱ्यावर थांबून इथं काय घडलं ते सांगतो. राजाराण्यांच्या फेऱ्या असतात, खुनांच्या असतात. आम्ही निवडली ती कामगार बायकांची. भाषेचा प्रश्न होता, पण तिथं शिकणारी पुण्याची एक मुलगी आमच्यासोबत आली. ती हळू आवाजात मराठीतून सांगत राहिली, आणि अडलं तिथं आमचे प्रश्नही तिनंच विचारले.

जागा होती बो नावाची वस्ती, लंडनच्या पूर्वेची. हा गरिबांचा भाग. गोदीतले हमाल, शिवणकाम करणाऱ्या बायका, आयर्लंडहून पोट भरायला आलेली कुटुंबं, सगळी इथंच एकेका खोलीत राहायची. बो रोड स्टेशनपासून निघालो आणि पहिला थांबा एका पुतळ्यापाशी. रस्त्याच्या मधोमध जुनं चर्च आहे, त्याच्याजवळ ग्लॅडस्टन या पंतप्रधानाचा पुतळा उभा आहे. एक हात पुढे केलेला. आणि हात लाल रंगवलेले! आम्हाला वाटलं कुणी पोरांनी खोडी केली असेल. तर नाही. कुणीतरी ते रंगवतं, आणि त्यामागे एक गोष्ट आहे.

हा पुतळा १८८२ साली थिओडोर ब्रायंट या माणसानं दिला. ब्रायंट अँड मे या काडेपेट्यांच्या मोठ्या कंपनीतला तो एक मालक. ॲनी बेझंट यांनी पुढे लिहून ठेवलं, की पुतळ्यासाठी कामगार बायकांच्या पगारातून एकेक शिलिंग कापला गेला, आणि उद्घाटनाच्या दिवशी सुट्टी दिली तिचाही खाडा धरला. काही बायका त्या दिवशी खिशात दगड घेऊन आल्या होत्या, आणि काहींनी आपले हात कापून रक्त त्या पुतळ्याच्या दगडावर सांडलं, असंही त्यांच्या लिखाणात आहे. लाल हात त्याची आठवण म्हणून. आमच्यातली एक रोजगार हमीच्या कामावर बरीच वर्षं होती. आठ दिवस खडी फोडून सहा दिवसांचा पगार हातात आलेला तिनं पाहिलाय. ती त्या पुतळ्याकडे पाहून एवढंच म्हणाली, "आपल्या मुकादमानं पुतळा तरी नाही बांधला."

पुतळ्यापासून थोडं मागे आलं की फेअरफील्ड रोड लागतो. रेल्वेच्या पुलाखालून, बसच्या डेपोवरून पुढे गेलो की लाल विटांची किल्ल्यासारखी इमारत दिसते. हाच तो काडेपेटीचा कारखाना. आजची इमारत बरीचशी नंतरची, विसाव्या शतकाच्या सुरुवातीची आहे. कारखाना १९७९ साली बंद पडला आणि आता तिथं महागडे फ्लॅट आहेत. फाटकातून आत जाता येत नाही. आम्ही बाहेरच उभं राहून ऐकलं.

१८८८ साली इथं सुमारे चौदाशे बायका आणि मुली कामाला होत्या. उन्हाळ्यात सकाळी साडेसहाला काम सुरू, हिवाळ्यात आठला, सुटी संध्याकाळी सहाला. काम बहुतेकींचं उक्तं, जेवढं कराल तेवढे पैसे. सोळा वर्षांच्या एका मुलीला आठवड्याला चार शिलिंग मिळायचे. ती आणि तिची बहीण एका खोलीत राहायच्या, आणि त्या खोलीचं भाडंच दोन शिलिंग. शिलिंगाचे बारा पेन्स, जसे आपल्याकडे पूर्वी रुपयाचे सोळा आणे. आता दंड ऐका. पाय मळलेले असले, तीन पेन्स. बाकाखाली कचरा दिसला, तीन पेन्स. कामात पेटलेल्या काड्या बाकावर ठेवल्या, तर एक शिलिंग, म्हणजे त्या मुलीची जवळजवळ दीड दिवसाची कमाई. सकाळी उशीर झाला तर अर्धा दिवस बाहेरच ठेवायचे आणि पाच पेन्स कापायचे. बिडी वळणाऱ्या मैत्रिणींना छाट म्हणजे काय ते सांगायला नको. त्यांना हा हिशेब आमच्याआधी कळेल. आणि त्याच वर्षांत कंपनी आपल्या भागधारकांना वीस टक्क्यांहून जास्त नफा वाटत होती.

घरी बसून खोकी चिकटवणाऱ्या बायका वेगळ्याच. एकशे चव्वेचाळीस खोकी केली की सव्वादोन-अडीच पेन्स, आणि खळ व दोरा स्वतःच्या पैशानं आणायचा. पोरंसोरं सगळी हाताखाली. कारखान्यात मुली पेट्या डोक्यावर वाहायच्या. पंधराव्या वर्षी डोक्याच्या मध्यावर टक्कल पडायचं. चुंबळ नव्हती का त्यांच्याकडे, असं आम्ही विचारलं. माहिती सांगणाऱ्या बाईंना चुंबळ म्हणजे काय ते ओढणीची गुंडाळी करून दाखवावं लागलं. सगळी मंडळी बघत राहिली.

सगळ्यात वाईट होता तो फॉस्फरस. त्या काळी काडीच्या गुलात पांढरा फॉस्फरस घालत. कुठंही घासली तरी पेटायची. त्याची वाफ नाकातोंडात जायची. जेवायला वेगळी जागा नव्हती, म्हणून कामाच्या खोलीतच भाकरतुकडा खायचा, आणि ते विष घासाबरोबर पोटात. आधी दाढ दुखायची, मग हिरडी सुजायची, मग जबड्याचं हाड सडायला लागायचं. वास इतका यायचा की घरची माणसंही जवळ बसेनात. दाढ दुखते म्हणून सांगितलं तर दात काढून घे नाहीतर नोकरी सोड, असं सांगितलं जाई. कमी धोक्याचा लाल फॉस्फरस तेव्हाही माहीत होता, पण तो महाग पडायचा.

आता संप. आम्ही लहानपणी ॲनी बेझंट हे नाव पुस्तकात वाचलं ते होमरूल चळवळीसाठी. त्या १८९३ साली भारतात आल्या आणि १९१७ साली काँग्रेसच्या अध्यक्ष झाल्या, हे परीक्षेपुरतं पाठ होतं. त्याआधी लंडनमध्ये त्या एक छोटं वर्तमानपत्र चालवायच्या. २३ जून १८८८ ला त्यांनी या कारखान्यावर लेख लिहिला. त्याचं नावच होतं लंडनमधली गोरी गुलामगिरी. कंपनी चिडली. लेख खोटा आहे, आम्ही सुखात आहोत, अशा कागदावर सह्या करा, असं बायकांना सांगण्यात आलं. त्यांनी सह्या केल्या नाहीत. जुलैच्या पहिल्याच आठवड्यात एकीला कामावरून काढलं, आणि मग एक खोली रिकामी झाली, दुसरी झाली, दोन दिवसांत चौदाशेच्या चौदाशे रस्त्यावर.

गोष्ट सांगणारे सहसा इथं म्हणतात, बेझंटबाईंनी संप घडवला. आम्हीही तसंच धरून चाललो होतो. पण खुद्द बेझंटबाई संप करा असं म्हणाल्याच नव्हत्या. त्यांचं म्हणणं होतं, लोकांनी या कंपनीच्या काड्या विकत घेऊ नयेत. बायका आपल्या आपण बाहेर पडल्या. शे-दोनशे जणी बो पासून सहा-सात किलोमीटर चालत त्यांच्या कचेरीवर गेल्या, तेव्हा त्यांना कळलं. नंतर मात्र बाईंनी जिवाचं रान केलं. पैसे जमवले, सभा घेतल्या, पार्लमेंटपर्यंत बायकांना नेलं. तिथं एका पंधरा वर्षांच्या मुलीनं डोक्यावरची शाल काढून आपलं टक्कल दाखवलं.

लुईझ रॉ या इतिहासकार बाईंनी या बायकांवर वर्षानुवर्षं शोध घेतला, त्यांच्या नातवंडांना भेटून २००९ साली पुस्तक काढलं. संपाचं पुढारपण कारखान्यातल्या बायकांकडेच होतं, असं त्या मांडतात. 'काडेपेटीवाल्या पोरी' म्हणून सगळे त्यांना ओळखतात, पण त्यात लेकुरवाळ्या बायकाही होत्या. आणि त्या काही भाबड्या नव्हत्या. त्यांची भिशी होती! दर आठवड्याला थोडे थोडे पैसे टाकून पिसं लावलेल्या झोकदार टोप्या घ्यायच्या आणि आळीपाळीनं घालायच्या. पैसा एकत्र ठेवायचा आणि एकमेकीवर भरवसा ठेवायचा, हे त्यांना संपाच्या आधीच येत होतं.

दोन आठवड्यांच्या आत कंपनी नमली. दंड बंद. पगारातली कपात बंद. गाऱ्हाणं असेल तर मुकादमाला वगळून थेट मालकांकडे. आणि जेवायला वेगळी खोली. त्या विषाच्या कारखान्यात या शेवटच्या अटीची किंमत किती, ते तुम्हीच ओळखा. जुलै संपायच्या आत त्यांची संघटना उभी राहिली. पुढच्या वर्षी गोदीतल्या हमालांनी मोठा संप केला. ते याच गल्ल्यांतले, याच बायकांचे भाऊ आणि नवरे.

सगळं गोड झालं असं नाही. फॉस्फरस गेला नाही. जबडा सडण्याच्या घटना सरकारपासून लपवल्या म्हणून १८९८ साली कंपनीला दंड झाला. इंग्लंडमध्ये पांढऱ्या फॉस्फरसवर बंदीचा कायदा १९०८ साली झाला, भारतात १९१३ साली. आपल्या पणज्यांनी चुली पेटवल्या त्या काड्या कुठल्या असतील, हा विचार आम्हाला तिथं उभं असताना पहिल्यांदा आला.

संपाच्या समितीवर सारा चॅपमन नावाची तरुण बाई होती. पुढे कामगार संघटनांच्या मोठ्या परिषदेत ती आपल्या बायकांची प्रतिनिधी म्हणून बसली. १९४५ साली ती वारली आणि तिला गरिबांच्या सामाईक कबरीत पुरलं, वर नावाचा दगडही नव्हता. ग्लॅडस्टन मात्र रस्त्याच्या मधोमध उभा. कारखान्याच्या बाहेर संपाची निळी पाटी लागली ती २०२२ साली.

पण एक वही राहिली. संपाच्या काळात मदत वाटली तिचं रजिस्टर. त्यात बायकांची नावं, पत्ते आणि त्या आठवड्याला किती कमवायच्या ते लिहिलेलं आहे, आणि ते तिथल्या एका ग्रंथालयात जपून ठेवलंय. हे ऐकल्यावर आम्ही तिघी एकमेकींकडे पाहिलं. गटाची वही लिहिताना आपण किती कंटाळतो!

तिथून बाजाराच्या रस्त्यानं ओल्ड फोर्ड रोडला गेलो. एका दारूच्या दुकानाच्या भिंतीवर सिल्व्हिया पँकहर्स्ट यांचं मोठं चित्र आहे. पहिल्या महायुद्धाच्या आधीपासूनच मतासाठी लढणाऱ्या कामगार बायकांना त्यांनी इथं एकत्र केलं. १९१५ साली त्यांनी याच रस्त्यावर एक बंद पडलेला गुत्ता घेऊन तिथं पाळणाघर आणि बाळांचा दवाखाना काढला. गुत्त्याचं नाव होतं बंदूकवाल्यांचं, ते बदलून आयांचं केलं. आडवी बाटली करून आलेल्या आमच्या मैत्रिणीला ही गोष्ट फार आवडली. तिनं ती पुण्याच्या मुलीकडून दोनदा वदवून घेतली.

तिथल्या बायकांना मत मिळालं १९१८ साली, तेही तिशीच्या पुढच्या आणि घरदार असलेल्यांना. पुरुषांच्या बरोबरीनं मिळायला १९२८ उजाडलं. आपल्याला राज्यघटनेनं एकदमच दिलं. पण पहिल्या निवडणुकीच्या याद्या करताना देशात जवळपास २८ लाख बायकांची नावं गाळावी लागली, कारण त्यांनी आपलं नाव सांगितलंच नाही. अमक्याची बायको, तमक्याची आई, एवढंच.

घरी आल्यावर आम्ही आमच्या गटाची पहिली वही ट्रंकेतून काढली, वीस वर्षांपूर्वीची. वीस ओळी आहेत. त्यातल्या सात ठिकाणी नाव नाही. 'मास्तरांची मंडळी', 'वरच्या आळीची मामी', असं लिहिलंय, आमच्याच हातानं. पाच जणींकडे जाऊन नावं विचारून आलो. दोघी आता नाहीत, त्यांच्या सुनांना विचारलं. एका सुनेला सांगता आलं. दुसरीनं माहेरच्या गावी फोन लावला आहे, उत्तर यायचं आहे.