माइक लेकेबुश: 'बीट-क्लब' घडवणारा जर्मन दिग्दर्शक

यूट्यूबवर ब्लॅक सबाथचे सत्तरच्या दशकातले व्हिडिओ पाहिले असतील, तर त्यांच्या नावात 'बीट-क्लब' हे शब्द वाचले असतील. हा होता पश्चिम जर्मनीतील रेडिओ ब्रेमेन या छोट्या प्रसारण संस्थेचा टीव्ही कार्यक्रम. माइक लेकेबुश त्याचे दिग्दर्शक होते.

पहिला भाग २५ सप्टेंबर १९६५ रोजी दाखवला गेला. सुरुवातीलाच निवेदकाने बीट संगीत न आवडणाऱ्या प्रेक्षकांना समजून घेण्याची विनंती केली! तरुणांना मात्र कार्यक्रम आवडला आणि सूत्रसंचालिका उशी नेर्के घराघरांत पोहोचल्या.

१९६९ च्या अखेरीस कार्यक्रम रंगीत झाला. त्यानंतर बँड स्टुडिओत प्रत्यक्ष वाजवू लागले. कलाकारांमागे निळा पडदा लावून लेकेबुश तिथे रंगांच्या हलत्या आकृत्या दाखवत. एमटीव्ही यायला तेव्हा दहाएक वर्षे होती.

१९७२ मध्ये 'बीट-क्लब' संपला आणि लेकेबुश यांचाच 'म्युझिकलाडेन' सुरू झाला. तो १९८४ पर्यंत चालला.

त्या काळात बीबीसीने 'टॉप ऑफ द पॉप्स'च्या अनेक टेप पुसल्या. ब्रेमेनचे चित्रीकरण मात्र टिकले. म्हणूनच १९७१ मधला नवखा क्राफ्टवर्क बँड आज आपल्याला पाहता येतो.