पुरावा कोणी द्यायचा?

गेली वीस-बावीस वर्षे मी लोकांना मोडी कागद वाचून देतो. इतिहासाची पदवी माझ्याकडे नाही. लिपी शिकलो ती जाणत्या माणसांच्या शेजारी बसून. येणाऱ्यांपैकी पुष्कळांच्या पिशवीत एखादी इनामाची सनद असते. ‘ही खरी आहे ना?’ असे ते विचारतात. खरे तर त्यांना विचारायचे असते, ‘जमीन आमचीच ना?’ हे दोन प्रश्न एक कधी झाले, हे शोधताना मी इनाम कमिशनपाशी येऊन पोचलो.

११ फेब्रुवारी १८१८ रोजी माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने साताऱ्याहून जाहीरनामा काढला. पेशवाई संपली, तरी वतने, इनामे, वर्षासने आणि धर्मादाय यांना धक्का लागणार नाही, अशी हमी त्यात होती. पण सारामाफीच्या जमिनी म्हणजे सरकारी तिजोरीतली गळती, हा हिशेब लवकरच पुढे आला. १८४३ मध्ये दक्षिण महाराष्ट्रात इनामांची चौकशी सुरू झाली आणि १८५२ च्या ११ व्या कायद्याने तिला पक्के रूप मिळाले.

या कायद्याची कलमे वाचताना मी तीन ठिकाणी थांबलो. सारामाफी सिद्ध करण्याचा भार इनामदारावर होता. निवाडा कमिशनचे अधिकारी करणार होते, म्हणजे दावा सांगणारे आणि न्याय देणारे एकाच सरकारचे. आणि दिवाणी न्यायालयाचा दरवाजा बंद होता. जातइनाम वंशपरंपरा चालू राहायचे, तर इंग्रजी अंमलाआधी साठ वर्षे अखंड उपभोग हवा, आणि अंमल आला तेव्हा जमीन मूळ इनामदाराच्या नातवाकडे किंवा त्याच्या पुरुष वंशजाकडे असायला हवी. आगीत, लुटीत, वाळवीत सनद गेली असेल, तर साठ वर्षे मोजायची कशावरून?

पडताळणी व्हायची ती पेशवे दफ्तराशी, आणि दफ्तराचे रुमाल सरकारच्या ताब्यात. ज्याच्याशी वाद, त्याच्याच कपाटात आपला पुरावा, अशी ही अवस्था होती.

दुसरी बाजूही सांगायला हवी. बनावट सनदा होत्या. सत्तांतराच्या गोंधळात गावकामगारांनी दडवलेल्या जमिनीही होत्या. पेशवेही इनामांवर जप्ती आणत, नजर घेत. शिवाय कायद्याच्या भाषेत हा वाद साऱ्याचा होता. इनाम खालसा झाले म्हणजे जमिनीवर पूर्ण आकार बसला. कसणारा माणूस बहुधा तिथेच राहिला. पण जो इनामदार त्या साऱ्यावरच जगत होता, त्याच्या दृष्टीने या फरकाला अर्थ नव्हता. कमिशनमध्ये एतद्देशीय अधिकारीही होते. लोकहितवादी गोपाळ हरी देशमुख असिस्टंट इनाम कमिशनर होते, हे आपण सहसा आठवत नाही.

१८५८ च्या मे महिन्यात नरगुंदचे संस्थानिक बाबासाहेब भावे यांच्या माणसांनी पोलिटिकल एजंट मॅन्सनला ठार मारले. दत्तक नामंजूर झाल्याचा सल तिथे होताच. पण हा मॅन्सन पूर्वी इनाम कमिशनच्या कामावर होता, हेही त्या भागातले लोक विसरले नव्हते. बाबासाहेबांना १२ जून रोजी बेळगावला फाशी दिली गेली.

बंडानंतर सरकारने तडजोड काढली. १८६३ च्या दुसऱ्या कायद्याने इनामदाराला चौकशी टाळण्याची मुभा मिळाली. आकाराचा चौथा भाग जुडी आणि नजराण्यादाखल रुपयामागे एक आणा दरसाल भरायचा, की हक्क कायम. ज्यांच्या सनदा अस्सल होत्या, त्यांनाही आपल्याच जमिनीसाठी ही निश्चिंती विकत घ्यावी लागली.

पुढे १८७९ च्या महसूल कायद्याच्या ३७ व्या कलमात, आणि त्यावरून १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमाच्या २० व्या कलमात, जी जमीन दुसऱ्या कोणाची नाही ती सरकारची, असे तत्त्व आले. वाद झाल्यास पहिला निर्णय जिल्हाधिकाऱ्याचा. फरक एवढाच, की आता त्याविरुद्ध दिवाणी दावा करता येतो, मात्र एका वर्षाच्या आत. बंद दरवाजा उघडला हे खरे. पण मुदतीचा हा उंबरठा गावातल्या किती जणांना ठाऊक असतो?

गेल्या पावसाळ्यात एक गृहस्थ देवस्थान इनामाचा कागद घेऊन आले. आजोबांनी तो तेलकट फडक्यात गुंडाळून ठेवला होता. मी वाचून दाखवला: गाव, बिघे, दिवाबत्तीचा खर्च, सगळे स्पष्ट होते. ‘मग झालं की!’ ते म्हणाले. मी म्हटले, ‘काका, आधी याची जोड दफ्तरात सापडते का ते बघू. आणि जिल्हाधिकाऱ्यांचा हुकूम कोणत्या तारखेचा आहे?’

त्यांनी पिशवीतून तो हुकूम काढला. त्याला चौदा महिने होऊन गेले होते.