लष्करी परिचर्या सेवा (मुंबई–पुणे)

लष्करी परिचर्या सेवा : जखमी व आजारी सैनिकांच्या शुश्रूषेसाठी सैन्यात उभारलेली प्रशिक्षित परिचारिकांची सेवा. भारतात तिचा आरंभ १८८८ साली झाला. त्या वर्षी दहा ब्रिटिश परिचारिका मुंबई बंदरात उतरल्या आणि रावळपिंडी व बंगळूरच्या लष्करी रुग्णालयांकडे रवाना झाल्या. कॅथरिन लॉक या त्यांच्या प्रमुखांपैकी एक. त्यांची नेमणूक गोऱ्या सैनिकांसाठी होती. हिंदी शिपायांची सारी शुश्रूषा वॉर्डातले पुरुष सेवकच करीत.

पहिल्या महायुद्धात मेसोपोटेमियाच्या आघाडीवरचे जखमी जहाजांनी मुंबईला येऊ लागले. प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियमच्या नव्या इमारतीत रुग्णालय थाटले गेले. पुण्यात डेक्कन कॉलेजातही खाटा लागल्या. १९१६ च्या पावसाळ्यात ऑस्ट्रेलियातून परिचारिकांची तुकडी आली. ॲमी ओग्रेडी आणि कॅथलीन पॉवर या त्यांतल्या दोघी ऑगस्टमध्ये कॉलऱ्याने मुंबईतच दगावल्या. खडकीच्या युद्धस्मारकावर त्यांची नावे आहेत. आघाडीपासून फार दूर असलेल्या वॉर्डातही साथीचा धोका असे, आणि अशा मृत्यूंची आठवण फार थोडे लोक ठेवतात.

भारतात शिकलेल्या परिचारिकांना सैन्याने १९१४ मध्ये प्रथम सामावून घेतले. त्या काळी मराठी घरातल्या मुलीने परक्या पुरुषाची जखम धुवावी, ही कल्पनाच घरच्यांना सोसत नसे. म्हणून रमाबाई रानडे यांच्या पुणे सेवासदनाने ससून रुग्णालयात मुलींच्या परिचर्या-शिक्षणाची जी सोय केली, ते काम फार मोलाचे ठरते.

१ ऑक्टोबर १९२६ रोजी कायमस्वरूपी भारतीय सेवा स्थापन झाली. १९४३ च्या अध्यादेशाने परिचारिकांना अधिकाऱ्यांचे कमिशन मिळाले. इतकी वर्षे युद्धात राबूनही हा दर्जा एवढ्या उशिरा मिळावा, हे खटकते. १९४४ मध्ये पुण्यात कृत्रिम अवयव केंद्र निघाले. हातपाय गमावलेल्या जवानांची निगा हा तेव्हापासून पुण्यातल्या लष्करी रुग्णसेवेचा मोठा भाग झाला. १९७६ मध्ये गर्ट्रूड ॲलिस राम या सेवेतून मेजर जनरल झाल्या. भारतीय सैन्यात त्या हुद्द्यावर पोचलेल्या त्या पहिल्या स्त्री होत.

पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयातील परिचर्या महाविद्यालय १९६४ चे. मुंबईत कुलाब्याच्या नौदल रुग्णालयातही, म्हणजे अश्विनीत, हे शिक्षण मिळते. बी.एस्सी. नर्सिंगचा अभ्यासक्रम चार वर्षांचा असून तो पूर्ण करणारी मुलगी लेफ्टनंट म्हणून रुजू होते. प्रवेशासाठी बारावीला भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र, जीवशास्त्र व इंग्रजी हे विषय लागतात आणि ‘नीट’ (NEET) ही प्रवेशपरीक्षा द्यावी लागते. हे विषय विज्ञान शाखेत असल्याने डहाणू-तलासरीसारख्या आदिवासी भागांतील आश्रमशाळांतल्या मुलींपर्यंतही ही माहिती अकरावीला शाखा निवडण्याआधी पोचायला हवी.